सात वर्षांची द्राक्षबाग

हे मी आजवर कुणालाच सांगितलेलं नाही. बायकोलाही नाही — आणि तिच्यापासून काही लपवणं म्हणजे काय, हे विवाहितांना सांगायला नको.

आमच्या फिल्म क्लबात प्रत्येक सिनेमाआधी माहितीचा एक कागद वाटतात. मला पोर्तुगीज येतं — येतं म्हणजे, पुण्यात चालून जाईल इतकं — म्हणून एका पोर्तुगीज दिग्दर्शकाच्या कारकिर्दीचा कागद माझ्याकडे आला. तीन सिनेमे, मग सात वर्षं काहीच नाही, आणि एकदम चौथा — सगळ्यांत सुंदर! मधली सात वर्षं गेली कुठे? शोधायला हवं होतं. पण झेरॉक्सवाला एकच्या ठोक्याला शटर ओढणार होता. मी लिहून टाकलं, ‘या काळात त्यांनी गावी द्राक्षांची शेती केली.’ पोर्तुगाल आहे, द्राक्षं असणारच की!

थाप लोकांना फार आवडली. सगळ्यांत जास्त मांजरी गावच्या सुमनताईंना. लग्नाआधी त्या सिनेमा शिकत होत्या. मग वीस वर्षं ऊस. आता परत फिरायला उशीर झाला, या भीतीने त्या गप्प बसलेल्या.

आणि पुढच्या वर्षी तो दिग्दर्शकच पुण्यात आला! दुभाष्या कोण? मीच. सुमनताई उठल्या. “शेतात राबताना सिनेमा कायमचा सुटला असं वाटायचं का हो, तेवढं विचारा की त्यांना.”

मी घाबरत विचारलं, त्या सात वर्षांत काय केलंत? तो हसला. मेहुण्याच्या दुकानात फ्रिज विकले, म्हणाला. सिनेमा संपला असंच वाटायचं.

खरं सांगायला कितीसा वेळ लागतो? सगळं सभागृह माझ्याकडे बघत होतं. मी — मी म्हणालो, “ते म्हणतात, वेलींना पाणी देतानाही रोज एखादं दृश्य सुचायचं.” टाळ्यांचा कडकडाट. तोही बिचारा वाकून वाकून नमस्कार करत होता. ताईंसाठी बोललो म्हणू? नाही. माझी अब्रू वाचवायला बोललो.

गेल्या रविवारी ताईंचा पहिला सिनेमा पाहिला. काय सिनेमा केलाय बाईने! मी या वयात शिट्टी मारली. इतका आनंद मला कित्येक वर्षांत झाला नव्हता.

बाहेर पडताना त्यांनी माझ्या हातात पिशवी दिली. ते उत्तर ऐकून त्यांनी दारात द्राक्षाचा वेल लावला होता. पहिला घड तुमचाच, म्हणाल्या.

द्राक्षं गोड होती. घरी नेली असती तर बायकोने विचारलं असतं, कुणी दिली, कशाबद्दल दिली. सिग्नलला गाडी थांबवून सगळी मीच खाल्ली.