एका वाडग्यातला चहा

२०१४ साली, परदेशातल्या ऑफिसच्या वैतागावर उतारा म्हणून मी जपानी चहाचा क्लास लावला होता. तिथल्या जुरोंग ईस्ट भागातल्या एका फ्लॅटमध्ये सत्तरीच्या जपानी बाई शिकवायच्या. चहा घोटभर आणि शिस्त बादलीभर! माझ्यासारख्या तापट बाईनं तिथं वर्षभर मुकाट्यानं काढलं, यावर घरी अजून कुणाचा विश्वास बसत नाही.

वर्षाच्या अखेरीस मी पहिल्यांदाच पाहुण्यांना दाट चहा करून देणार होते. तो नीट जमला तरच बाई पुढचं शिकवणार होत्या. पाहुणे तीन: स्वतः बाई, एक विद्यार्थिनी आणि पुण्याहून आलेले माझे बाबा. हा चहा सगळ्यांनी एकाच वाडग्याला तोंड लावून प्यायचा असतो. बाबांना तर कुणाचं उष्टं चालत नाही; पाणीसुद्धा वरून पितात. सांगितलं असतं तर ते आलेच नसते, म्हणून मी सांगितलंच नाही.

त्या दिवशी सगळे जमल्यावर बाई सांगू लागल्या. मोठमोठे सामुराई सरदार सकाळी तलवार चालवत आणि दुपारी फुलं रचत, कविता लिहीत, चहा करत. चहाच्या खोलीत शिरताना तलवार बाहेर ठेवायची आणि मनात वैर असलं तरी एकाच वाडग्यातून प्यायचं. बाबा खूश झाले. तलवार नव्हती, म्हणून छत्री दाराबाहेर ठेवून आले.

वाडगा फिरत फिरत त्यांच्यापाशी आला. त्यांनी माझ्याकडे एकदा रोखून पाहिलं. मग शांतपणे वाडगा उंच धरला आणि तोंड उघडलं. चहा पातळ पिठल्याइतका दाट, तो येतोय कसला! बाबा आ वासून बसलेले आणि आम्ही श्वास रोखून.

"ही चहाच्या कुठल्या घराण्याची पद्धत?" बाईंनी इंग्रजीत, अगदी गंभीरपणे विचारलं.

बाबांनी वाडगा खाली घेतला. "तू केलायस ना गं?" एवढंच मला विचारलं आणि ओठ लावले.

शेवटचा घोट आज चहा करणारीनंच घ्यावा, असं बाई म्हणाल्या. बाबांनी कड एकदा पुसली, पुन्हा पुसली आणि वाडगा माझ्यापुढे धरला. "घे. तुला ठेवलाय."

लहानपणी मी कितीही भोकाड पसरलं तरी त्यांच्या कपातला घोट मला कधी मिळाला नव्हता. पुढच्या महिन्यापासून नवीन धडा, असं बाई काहीतरी म्हणत होत्या. माझं लक्षच नव्हतं. चहा कडूजहर होता, आणि मी थेंबही ठेवला नाही.