अकरा नंबर उत्तरेला

फळ्यावाले काका खोटं लिहितील असं कुणी मला सांगितलं असतं, तर त्याला तिकीट न देता परत पाठवलं असतं. मी धक्क्यावरच्या खिडकीत लाँचची तिकिटं देते. काकांचा फळा माझ्या खिडकीला लागूनच. रोज सकाळी ते मनोऱ्याच्या एकशे बारा पायऱ्या चढायचे, दुर्बिणीतून आमच्या माळेतली सगळी बेटं शोधायचे आणि खाली येऊन खडूनं लिहायचे: तीन नंबर पश्चिमेला, दोन मैल, सात नंबर पूर्वेला, पाच मैल.

आमची बेटं एका जागी राहत नाहीत. एका दिवसात मैलभर सरकतात, एखाद्याचा डोंगर खचतो, दोन बेटं एकमेकांना चिकटतात. गेल्या वर्षी माझ्या स्वयंपाकघरातून समुद्र दिसायचा, आता शेजारणीची मोरी दिसते. त्याचीही सवय होते. फळा वाचल्याशिवाय मात्र इथं कुणाचं पान हलत नाही.

काकांची एकुलती एक लेक अकरा नंबरवर दिलेली. ते बेट हलकं आणि उनाड.

"काका, दिलीत ती दिलीत, जरा जड बेटावर तरी द्यायची," मी चिडवायचे.

"जावई जड आहे की," काका म्हणायचे आणि स्वतःच हसायचे.

मग एक दिवस अकरा नंबर दिसेनासं झालं. आमचा नियम असा, की चाळीस दिवस बेट दिसलं नाही तर ते फळ्यावरून पुसायचं. पुसलं की लाँच त्याला शोधायला जात नाही, संपलं. एकोणचाळिसाव्या दिवशी काका खाली आले आणि त्यांनी लिहिलं: अकरा नंबर उत्तरेला, सहा मैल, धूसर. मी आनंदानं खिडकीतून ओरडले. काका माझ्याकडे न बघता हात झटकत राहिले. तेव्हाच मला कळायला हवं होतं. माझे डोळे काय फुटले होते?

दर आठवड्याला लाँच उत्तरेला जायची आणि रिकामी परत यायची. "सरकलं असेल," लाँचवाला म्हणायचा. काका पुन्हा नवा आकडा लिहायचे. असे तीन महिने गेले.

एके दुपारी लाँचवाला माझ्या खिडकीशी टेकून गप्पा मारत होता. काका बाजूला फळा पुसत होते.

"परवा दक्षिणेला एक नवीनच बेट दिसलं," तो म्हणाला. "लांब होतं. काठावर पांढरं पांढरं काहीतरी हलत होतं. म्हटलं, पक्षी असतील."

"जवळ नाही गेलास?" मी विचारलं.

"नव्या जमिनीजवळ कोण जातं? लाँचसकट खाली ओढते. आणि आपली सगळी बेटं तर फळ्यावर आहेत."

काकांचा हात थांबला. "पक्षी उडाले का?"

"नाही. एका ओळीत होते. वरखाली, वरखाली."

"चादरी होत्या त्या, लाँच दिसली म्हणून माणसं हलवत होती," काका म्हणाले आणि धक्क्यावरच खाली बसले. "उत्तरेला मी काहीच पाहिलं नव्हतं रे. लाँच बंद होऊ नये म्हणून नुसतं लिहीत होतो."

तासाभरातच तीन लाँच दक्षिणेला गेल्या. चौथ्या दिवशी परत आल्या. नुसतं पाणी होतं.

काकांना कुणी रागावलं नाही. वरचे साहेबही नाहीत. मला वाटतं, कुणी दोन थोबाडीत दिल्या असत्या तर त्यांना बरं वाटलं असतं. मी स्वतः रागानं जळत होते आणि त्यांच्यासाठी रडतही होते.

दुसऱ्या दिवशी सकाळी काका मनोऱ्यावरून उतरले आणि सगळ्या रांगेसमोर त्यांनी अकरा नंबरची ओळ बोळ्यानं पुसली. रांगेत एक बाई होती. तिचा नवरा त्या बेटावर कामाला गेला होता आणि तिकडेच अडकला होता. ती रोज फळा वाचून मूल कडेवर घ्यायची आणि उत्तरेच्या कठड्याशी जाऊन उभी राहायची. आज ती पुसलेल्या जागेकडे बघत राहिली.

"काका," ती म्हणाली, "मग आम्ही दोघं रोज कुणाला हात हलवत होतो?"