ओट्यामागची भिंत

नव्वदचं दशक सरत आलं तेव्हा आमच्या मळ्यात प्लॉट पडले. जिथं मेथी-कोथिंबीर निघायची, झेंडू फुलायचा, तिथं चुन्याच्या रेघा आल्या आणि आम्ही शहरात द्वारका चौकापलीकडच्या एका इमारतीत तिसऱ्या मजल्यावर राहायला गेलो. आम्ही म्हणजे मी, आमचे हे, दोन मुलं आणि माझे सासरे. सासूबाई त्याआधीच गेल्या होत्या.

त्या वेळची मी म्हणजे काय विचारता! फरशीत तोंड दिसतं म्हणून ती सारखी पुसायची आणि पुसून झाली की खरंच तोंड बघायची. मळ्यातल्या जावांना मुद्दाम बोलावलं आणि देव्हाऱ्याच्या आधी संडास दाखवला. "बघा, घरातल्या घरात! चिखल नाही, सापाकिरडाचं भ्या नाही."

थोरल्या जाऊबाईंनी नाकाला पदर लावला. "आगं, पन ह्यो तर पार चुलीला चिकटलाय."

मी मनात म्हटलं, अडाणी. शहाणी काय ती मी एकटी.

ओट्यामागं एकच भिंत होती आणि तिच्या पलीकडं संडास. आतला नळ सुटला की भाकरी थापणाऱ्या बाईला कळायचं. नळाचं कळायचं म्हणजे बाकीचंही कळायचंच. माझे सासरे, आम्ही त्यांना मामा म्हणायचो, जन्मभर पहाटे टमरेल घेऊन बांधाकडं गेलेले. माझ्यासमोर ते कधी उघड्या अंगानं बसले नाहीत, मी त्यांच्यासमोर डोक्यावरचा पदर ढळू दिला नाही. मळ्यात आमच्या दोघांमध्ये अंगण होतं, गोठा होता, घासाचं वावर होतं. इथं ही वीतभर भिंत.

राहायला येऊन थोडे दिवस झाले आणि मामा अर्धी भाकरी ताटात ठेवायला लागले. मग चतकोरच घ्यायला लागले. "भूक नाय, बाई." गालफडं बसली, धोतर कमरेला दुमडून खोचायला लागले. डॉक्टरांनी पोट दाबून पाहिलं, म्हणाले, काही नाही, जागा बदलली की होतं असं. मी मात्र हुशार. दृष्टच लागलीय म्हणून मीठ-मिरच्या ओवाळून, जिन्यात शेगडी पेटवून तिच्यात टाकल्या. चारही मजले खोकत बाहेर आले. मामा तेवढे खोकले नाहीत. त्यांच्यात खोकण्याएवढीही ताकद नव्हती, आणि तेव्हा माझं हसू पळालं.

उलगडा झाला तो मिक्सरमुळं. नवीन मिक्सर होता, तो लावायला मला कसलंही निमित्त पुरायचं. एकदा लक्षात आलं, मिक्सर घरघरायला लागला की मामा हळूच उठतात, आत जातात, आणि मिक्सर थांबायच्या आत येऊन भिंतीला टेकतात. ज्या दिवशी मिक्सर नाही त्या दिवशी उठणं नाही. आणि उठावं लागू नये म्हणून जेवणच नाही.

हातातली चटणी तशीच राहिली. हा माणूस माझ्या कानांना भिऊन उपाशी मरत होता, आणि मी त्याला रोज विचारत होते, भाजीत मीठ कमी आहे का.

बोलणार कशी? सून सासऱ्याशी या विषयावर बोलते होय? मग मी रोज सकाळी मिक्सर लावायला लागले. खोबरं, शेंगदाणे, लसूण, घरात चटण्यांचे डबे मावेनात. मामा अर्ध्या भाकरीवर आले. मला वाटलं, जिंकले!

एके दिवशी वाटायला काही उरलंच नाही. मामांची चुळबुळ दिसली आणि मी घाईघाईनं रिकामंच भांडं चालू केलं, वरचं झाकणही न लावता. संडासाच्या कडीला हात घालताना मामांनी वळून पाहिलं. भांड्यात काही नव्हतं. त्यांनी भांड्याकडं पाहिलं, माझ्याकडं पाहिलं, आणि कडी सोडून परत जाऊन बसले.

त्या दिवसापासून त्यांनी पाणीही सोडलं.

जीभ कोरडी पडली, सलाईन लागलं. घरी आणल्यावरही तांब्या उशाशी भरलेलाच. शेवटी मी ह्यांना सगळं सांगितलं. हे आधी हसले, मग दारातूनच वडिलांना मोठ्यानं म्हणाले, "दादा, लाजता काय? निवांत जात जा हो, आपलंच घर आहे!" मुलंही ऐकत होती. मामांनी भिंतीकडं तोंड केलं.

मी ह्यांना जिन्यात ओढून नेलं. "उद्यापासून सकाळी आपण सगळे बाहेर."

"आपल्याच घरातून?"

"आपल्याच. ते जिवानिशी जातायत तुमच्यादेखत, दिसत नाही का?"

दुसऱ्या दिवशी उजाडताच चौघं खाली. दार ओढून घेतलं. हे रागानं चहाच्या टपरीवर गेले, मुलं पेंगत कट्ट्यावर बसली. खालच्या मजल्यावरच्या बाईंनी विचारलं, "एवढ्या सकाळी सगळे?" म्हटलं, "ह्यांना डॉक्टरांनी चालायला सांगितलंय." वर गेलो तर तांब्या भरलेलाच. त्याच्या दुसऱ्या दिवशीही भरलेलाच. हे म्हणाले, "पुरे झालं तुझं नाटक." मी त्यांनाही जुमानलं नाही. मला दुसरं काही सुचतच नव्हतं.

असंच एका सकाळी मी मुलांना ह्यांच्याकडं सोपवून एकटीच वर आले आणि दाराबाहेर उभी राहिले. बेल वाजवावी तर ते संडासात असले तर? न वाजवावी तर ते पडले असले तर? दाराला कान लावायची सोय नव्हती, कान हेच तर सगळ्याचं मूळ होतं. म्हणून जिन्याच्या दुसऱ्या टोकाला गेले आणि पदराचा बोळा तोंडात कोंबून रडले.

मग कडी वाजली. मामा दाराला धरून उभे होते, धोतराचा काठ ओला होता.

"किती येळ हुभी ऱ्हाशीन? ये आत," ते माझ्याकडं न बघता म्हणाले. "भाकर टाक. आन् आख्खी टाक."

त्यातली त्यांना अर्धीच गेली.