ओठ मिटणारा शब्द

बोलण्याआधी मामी उजव्या हाताची दोन बोटं स्वतःच्या ओठांवर ठेवायच्या. "आज भाजी काय आणली?" एवढं साधं विचारलं तरी आधी बोटं ओठांवर, मग उत्तर. नव्या माणसाला वाटे, बाई काहीतरी लपवताहेत. मलाही वाटलं होतं. गुम्मिडिपूंडीच्या कारखान्यात हिशेब खात्यावर बदली होऊन मी चेन्नईला आलो आणि या मामींच्याच घरात खालच्या मजल्यावर भाड्याने राहू लागलो, तेव्हाची, म्हणजे दोन हजार तीनच्या सुमाराची ही गोष्ट.

मामी तंजावूरकडच्या मराठी. घरात जुनं मराठी, दाराबाहेर तमिळ. काम आवाजाचं. परदेशी कार्टून टीव्हीवर तमिळमध्ये यायची, त्यातल्या एका म्हाताऱ्या कासवआजीचा आवाज मामींचा होता.

आमची धाकटी त्या कासवआजीवर जीव टाकायची. तमिळ ती शाळेत कमी आणि कासवाकडून जास्त शिकली. एकदा जिन्यात मामींनी तिला कासवाच्या आवाजात हाक मारली. पोरीने मान वाकडी करून ऐकलं आणि म्हणाली, "नक्कल बरी करता मामी. पण खरी आजी जास्त म्हातारी आहे." मामी कितीतरी दिवस हे सांगून हसत होत्या.

त्यांचं काम काय होतं, ते तुम्ही आत्ता स्वतःवर करून पाहा. प, ब, म म्हणताना ओठ मिटतात. क, त, स म्हणताना मिटत नाहीत. पडद्यावरच्या कासवाचे ओठ जिथे मिटतील, तिथे मिटणारंच अक्षर यायला हवं. "ओठ आधी बघायचे. अर्थ मागनं येतो," असं मामी म्हणायच्या.

एका भागात खारीचं पिल्लू कासवआजीला नको नको ते बोलून पळून जातं आणि संध्याकाळी परत येऊन दारात उभं राहतं. लिहून आलेल्या संवादात क्षमेवर चांगली तीन वाक्यं होती. कासवाचं तोंड मात्र उघडलं, एकदा मिटलं, पुन्हा जरासं उघडलं आणि संपलं. मामींनी बोटं ओठांवर ठेवली आणि म्हटलं, "वा, साप्पिडु." म्हणजे, ये, जेव. स्टुडिओत तेच कायम झालं. पुढे आमच्या गल्लीतली पोरं भांडण मिटवायची ती हेच दोन शब्द म्हणून.

"इतकं प्रेमळ कसं सुचलं हो तुम्हाला?" मी विचारलं होतं.

"प्रेम कुठलं! जागाच तेवढी होती."

त्यांच्या स्वतःच्या घरात मात्र तेवढीही जागा नव्हती. एकुलत्या मुलीने मामांच्या मनाविरुद्ध लग्न केलं, तेव्हा त्यांनी तिला घराबाहेर काढलं होतं. मामा रागावले की तमिळमध्ये रागवत. मुलीला घालवलं तेही एका अक्षराच्या शब्दाने: "पो." जा. त्यानंतर त्या घरात तिचं नाव निघालं नाही. मामी स्टुडिओत खारीच्या पिल्लाला जेवायला बोलवत आणि घरी येऊन दोनच पानं वाढत.

पुढे मामांना अर्धांगवायू झाला. आवाज गेला, ओठ तेवढे हलत. मग मामी त्या ओठांवरही शब्द बसवू लागल्या. कोणी भेटायला आलं की उशाशी उभ्या राहून सांगत, "दमून आला असाल म्हणतात." "पोरीचे मार्क विचारतात." आवाज होता तोवर मामांनी मला असं काही विचारलं नव्हतं. जिन्यात चपला वाजवू नका, एवढंच आमचं बोलणं.

एकदा मामांचे ओठ हलले आणि मामी म्हणाल्या, "काप्पी घ्या म्हणतात."

मी गमतीत म्हणालो, "मामी, मधे ओठ मिटले त्यांचे. कॉफीला कुठे मिटतात?"

"तुमच्या कॉफीला नसतील. आमच्या काप्पीला मिटतात!"

आम्ही दोघं हसलो. मामा हसले नाहीत.

एका रविवारी दुपारी मुलगी आली. सात वर्षांनी. खोलीत मामा, मामी आणि मामांची कूस बदलायला वर बोलावलेला मी, एवढेच होतो. ती उंबऱ्याबाहेर थांबली.

"अप्पा, येऊ?"

मामांनी तिच्याकडे पाहिलं. मी पलंगाच्या कडेलाच होतो, मला सरळ दिसलं. ओठ मिटले. मग उघडले ते गोल.

मामींनी दोन बोटं ओठांवर ठेवली. नेहमीपेक्षा बराच वेळ ठेवली.

"बैस म्हणतात," त्या म्हणाल्या.

बैस हे त्यांच्याकडचं जुनं मराठी, आपलं बस. त्यालाही, पो म्हणताना मिटतात तसे, ओठ मिटतात. पुढे गोल होत नाहीत.

मुलगी पलंगाजवळच्या स्टुलावर बसली आणि रडू लागली. मामांनी डोळे मिटून घेतले. त्या दिवशी ओठ पुन्हा हलले नाहीत आणि रात्री शुद्ध हरपली ती कायमची. आठवड्यात ते गेले.

तेराव्याला मुलगी प्रत्येकाला सांगत होती, "अप्पांनी मला बैस म्हटलं. त्यांचं शेवटचं बोलणं ते." मामी ऐकत होत्या. बोटं ओठांवर होती, पण मागून शब्द आला नाही.

काही दिवसांनी त्यांनी मला जिन्यात गाठलं.

"तुम्ही बघत होतात ना त्या दिवशी?"

"हो."

"बसला का शब्द?"

"सुरुवातीला बसला," मी म्हणालो.

"आणि पुढे?"

मी पायऱ्यांकडे पाहिलं. त्या कठड्याला धरून पायरीवर बसल्या. "जन्मभर दुसऱ्यांची बोलणी बदलली हो मी. ती कासवाची, खारीची. हे या माणसाचं शेवटचं बोलणं होतं. कसंही असो, त्यांचं होतं. तेही मी खाल्लं."

"मुलगी घरात आली, मामी."

"आली. पण ती त्यांच्या शब्दावर आली असं समजते. मी रोज तिच्या तोंडाकडे बघते आणि वाटतं, आता विचारेल."

त्यानंतर त्यांनी स्टुडिओ सोडला. आवाज लागत नाही, एवढंच सांगितलं. कासवआजीला दुसरा आवाज आला. आमच्या धाकटीने पहिल्याच दिवशी टीव्ही बंद केला. "आजी बदलली," म्हणाली.

मामी त्याच वर्षी पावसाळ्यात गेल्या. मुलीने त्यांना कधीच विचारलं नाही.

विचारलं ते मला. ती घर रिकामं करायला आली होती. सामान खाली गेलं होतं, वरच्या खोलीत फक्त ते स्टूल उरलं होतं.

"काका, तुम्ही पलंगाशी उभे होतात. अप्पा खरंच बैस म्हणाले?"

मी हिशेब खात्यातला माणूस. आकडा कधी फिरवला नाही. माझी दोन बोटं नकळत ओठांवर गेली.

"आधी ओठ मिटले, बाळ," मी म्हणालो. "ते मी माझ्या डोळ्यांनी पाहिलं."

तिने मान हलवली. पुढचं विचारलं नाही. स्टूल ओढून, पलंग जिथे असायचा त्या भिंतीकडे तोंड करून ठेवलं आणि त्यावर बसली.