दिराच्या नावाचा निधी

"ताई, टिकली काढा. फोटोत बरी नाही दिसत."

गिरगावातल्या हॉलमध्ये, स्टेजच्या पायरीवर, ट्रस्टच्या कार्यकर्तीने माझ्या धाकट्या जावेला हे सांगितलं. हळू आवाजात, हसून. लालबागच्या आमच्या चाळीत तिसऱ्या मजल्याला आग लागली, त्यात माझा दीर गेला. जावेची खोलीही गेली. तिने टिकली काढली. बोटावर धरून उभी राहिली. कुठे ठेवावी ते तिला कळेना.

मागे दिराचा भला मोठा फोटो. त्याच फोटोवर ट्रस्टने निधी जमवला होता. माझ्या ऑफिसातल्या लोकांनी माझ्या शब्दावर पैसे दिले होते. जावेला भाड्याच्या खोलीचं डिपॉझिट भरायचं होतं. तिला मिळाला भांड्यांचा सेट.

"आता आभार," अध्यक्ष म्हणाले.

मी उठले. "साहेब, हिशोब राहिला."

मला खरंच वाटलं, विसरले असतील. आमच्याकडे गणपती झाले की खजिनदार पटांगणात उभा राहून सगळा खर्च वाचतो. "नारळ एवढे महाग कुठून आणलेस रे?" असं कोणीही विचारतं. त्याशिवाय सभा उठत नाही. सगळीकडे असंच असतं, अशी माझी समजूत.

पुढच्या खुर्च्या हसल्या. अध्यक्ष माइकवरूनच म्हणाले, "बाई, घेणाऱ्याने हात पुढे करायचा. हिशोबाचं देणारे बघतील."

पुन्हा हशा. मी बसले.

मग जावेपुढे कागद आला. मी तिला वाचून दाखवला. 'संपूर्ण मदत मिळाली.'

"सही करा, मागे लोक खोळंबलेत."

जाऊ माझ्याकडे बघून म्हणाली, "वैनी, ह्येंच्या नावान किती जमले, ता तरी सांगतले काय?"

त्या क्षणी माझी लाज संपली. मी कागद परत दिला. "सही होणार नाही."

"मग भांडी ठेवा."

ठेवली. रिकाम्या हाताने दोघी खाली उतरलो.

मी धर्मादाय आयुक्तांकडे अर्ज केला. परवा ट्रस्टचा फोन आला. "डिपॉझिटचं बघतो, अर्ज मागे घ्या." जाऊ आमच्याच खोलीत राहते, पडद्याआड झोपते. खोली तिला हवी आहे. म्हणून तिलाच विचारलं. भाकरी थापता थापता तिने मान हलवली. नाही.

अर्ज मागे घेणार नाही. आमच्या माणसाच्या मरणावर किती जमले आणि कुठे गेले, हे त्यांना सांगावंच लागेल.