काट्यावरचे गेम आणि मुनीमजींचा कचरा

वजनकाट्यावर कापसाचा ट्रॅक्टर चढलेला होता. त्याच्यामागे फाटकाबाहेर रस्त्यापर्यंत रांग होती. आणि कॉम्प्युटर काही केल्या पावती देत नव्हता.

मी स्कूटर लावून पिशवी खांद्याला अडकवेपर्यंत शेठ काट्याच्या केबिनच्या दारात येऊन उभे राहिले.

"ताई, लवकर पहा बरं. सकाळपासून एक गाडी खाली झाली नाई. हे लोक आता खामगावची वाट धरतीन."

मलकापूरबाहेरची ही जिनिंग. कापसातून सरकी वेगळी काढायची आणि रुईच्या गाठी बांधायच्या, हे तिथलं काम. तिथल्या दोन्ही कॉम्प्युटरचं, एक काट्यावरचा आणि एक ऑफिसातला, मेन्टेनन्स माझ्याकडे होतं. त्याआधी मी टायपिंगचे वर्ग चालवत असे. टायपिंगची मशिनं मागे पडायला लागली तशी मी कॉम्प्युटर दुरुस्ती शिकले आणि गावोगाव फिरू लागले. तालुक्याच्या गावांत कॉम्प्युटर नुकते पोचत होते, आणि पोचल्या पोचल्या बिघडत होते. त्यामुळे मला काम भरपूर होतं.

काट्याचं काम सोपं असतं. भरलेली गाडी काट्यावर चढते, तिचं वजन कॉम्प्युटरमध्ये जातं. गाडी रिकामी होऊन परत काट्यावर येते, पुन्हा वजन होतं. दोन्हींतला फरक म्हणजे कापूस. प्रत्येक वेळी वजनाची नोंद सेव्ह झाली, तरच प्रिंटर त्याची पावती छापतो. आणि त्या दिवशी नोंद सेव्ह होत नव्हती. स्क्रीनवर एकच वाक्य येत होतं: डिस्क फुल.

हार्ड डिस्क म्हणजे कॉम्प्युटरचं गोदाम. गोदाम गच्च भरलं की आणखी एक पोतंही आत जात नाही.

"तोवर हातानं पावत्या लिहून द्या," मी म्हणाले.

ट्रॅक्टरचे मालक रोहिणखेडचे एक काका होते. ते केबिनच्या खिडकीला टेकून उभे होते.

"कच्ची चिठ्ठी नाई घेत मी. छापील पायजे. हातच्या चिठ्ठीत साताचा एक व्हायले टाइम लागत नाई."

मागच्या रांगेतून दोघा-तिघांनी "हाव, बराबर आहे" म्हटलं. म्हणजे तो मार्ग बंद झाला.

"हे सारं या कॉम्प्युटरवरच्या गेमापायी झालं," शेठ म्हणाले. मग खुर्चीवरच्या गजाननकडे वळले. हा काटा चालवणारा ऑपरेटर, तिशीतला. "गजानन, आजच्या दिवस बस काट्यावर. उद्यापासून येऊ नको."

गजाननने माऊसवरचा हात काढून मांडीवर ठेवला. दोन हंगाम तो रोजंदारीवर होता. या दिवाळीला कायम करतो, असं शेठनी कबूल केलं होतं, आणि ते त्यानं घरी सगळ्यांना सांगून टाकलं होतं. हे मला माहीत होतं, कारण त्यानं मलाही सांगितलं होतं.

"शेठजी, उद्याचं उद्या," मी म्हणाले. "आधी मला मशीन पाहू द्या. आणि केबिनमधली गर्दी कमी करा."

कुठल्याही मशीनला हात लावण्याआधी मी कागदावर तीन रकाने आखते. काय आहे, किती जागा घेतं, कोणाच्या कामाचं आहे. लोक आधी डिलीट करतात आणि मग विचार करतात. त्यानं माझा धंदा चालतो, पण त्यांचा बसतो.

काट्याचं सॉफ्टवेअर लहान होतं. वजनाच्या सगळ्या नोंदी मिळूनही फार जागा जात नव्हती. गेम म्हणाल तर दोनच सापडले. एक पत्त्यांचा, तो मशीनबरोबरच येतो आणि त्याला जागा नगण्य लागते. दुसरा मोटारींच्या शर्यतीचा, तो मोठा होता. पण त्या दोघांनी मिळून गोदाम भरणं शक्य नव्हतं. बेरीज जमत नव्हती.

"गजानन, एवढेच गेम होते?"

"नाई ताई, लय होते. क्रिकेट होतं, विमानाचा होता, कुस्तीचा होता. दसऱ्याले शेठजीनं काढाले लावले. मी काढले ना."

"कसे काढले?"

"फोल्डर धरला, डिलीट मारलं."

"मग ते कुठे गेले?"

त्यानं स्क्रीनच्या कोपऱ्यातल्या कचरापेटीवर बोट ठेवलं.

इथे थोडं समजावून सांगते. फोल्डर डिलीट केला की तो नाहीसा होत नाही. तो रिसायकल बिनमध्ये, म्हणजे कॉम्प्युटरच्या कचरापेटीत जातो. ही पेटी त्याच गोदामाच्या कोपऱ्यात असते. पेटी रिकामी करेपर्यंत एक इंचही जागा मोकळी होत नाही. सामान एका खोलीतून दुसऱ्या खोलीत नेलं, एवढंच.

मी पेटी उघडली. आत क्रिकेट, विमान, कुस्ती आणि आणखी कितीतरी. दुसरीही एक गोष्ट दिसली. पेटी किती मोठी असावी याची एक सेटिंग असते. साधारण ती डिस्कचा छोटा हिस्सा घेते. इथे जवळजवळ अख्खी डिस्क पेटीला देऊन टाकली होती.

"ही सेटिंग कोणी बदलली?"

"मीच. पेटी लहान पडून राह्यली होती. मंग मी तिले मोठी केली."

"अरे, मोठी कशाला? रिकामी का नाही केलीस?"

गजाननने दाराकडे पाहिलं. दारात मुनीमजी उभे होते. सत्तरीला टेकलेले, सडपातळ. शेठच्या वडिलांपासून इथेच. जमिनीवर कापसाचं बोंड दिसलं की वाकून उचलायचं आणि खिशात टाकायचं, ही त्यांची सवय. त्यांचा खिसा हंगामभर फुगलेला असे.

"मी नाई म्हटलं," मुनीमजी म्हणाले. "यानं मले विचारलं, मुनीमजी, कचरापेटी रिकामी करू का? मी म्हटलं, खबरदार. या कारखान्यात कचरा परस्पर कोनी फेकाचा नाई."

मला आधी हसू आलं, पण मी ते गिळलं. कारण त्यांच्या कारखान्यात ते अगदी बरोबर होतं. जिनिंगमध्ये कचरा असा नसतोच. झाडून निघालेला कापूस, किडक्या बोंडांची कवडी, मातीतलं तूस, सगळं मागच्या शेडमध्ये साठवतात. हंगाम संपला की शेठ नजर टाकतात आणि लिलाव होतो. ज्यानं मध्येच काही बाहेर टाकलं त्याच्यावर चोरीचा आळ येतो. गजानन जिनिंगच्या परिसरातच लहानाचा मोठा झालेला. त्यानं विचारलं, आणि मिळालेला हुकूम पाळला.

"मुनीमजी, हा कचरा निराळा आहे," मी म्हणाले. "हा हातात धरता येत नाही, तोलताही येत नाही."

"तोलता येत नाई, तं मंग जागा काहाले अडवून राह्यला?"

हा प्रश्न कोर्समध्ये कोणी विचारलाच नव्हता.

"याचा भाव येत नाही, एवढं खरं," मी म्हणाले.

"लिहून द्या."

"काय लिहून देऊ?"

"हेच, का गेमाचा भाव येत नाई. उद्या शेठनं इचारलं तं मी काय सांगू?"

"मी इथंच उभा आहे ना, मुनीमजी!" शेठ ओरडले.

"तुम्ही आज उभे आहा. लिलाव फागुनात आहे."

मी कागद घेतला. 'कॉम्प्युटरच्या कचरापेटीतील गेम, किंमत शून्य' असं लिहून सही केली. मुनीमजींनी तो वाचला, घडी घातली आणि कापसाबरोबर खिशात ठेवला. मग मान हलवली.

तरीही मी पेटी लगेच रिकामी केली नाही. एकेक नाव वाचून पाहिलं. चुकून त्यात एखादी कामाची फाइल पडलेली असते. नव्हती. मग बटण दाबलं. डिस्क बराच वेळ कुरकुरत राहिली. पेटीची सेटिंग मी परत लहान केली, मशीन बंद करून सुरू केलं, आणि गजाननला म्हणाले, "घे वजन."

प्रिंटर किरकिरत चालू झाला. काकांनी पावती हातात घेतली, उलटसुलट पाहिली आणि ट्रॅक्टरवर बसलेल्या ड्रायव्हरला म्हणाले, "चाल बे बाळू, घे आत."

रांग सरकली. माझ्या कामाचा अवघड भाग संपला असं मला वाटलं. तो खरं तर आता सुरू होणार होता.

"आता उरलेले बी काढून टाका," शेठ म्हणाले.

मी मोटारींचा गेम काढायला घेतला. गजाननला शेजारी उभं केलं आणि दाखवलं. प्रोग्राम काढायचा तर फोल्डर डिलीट करायचा नाही. कंट्रोल पॅनेलमध्ये जायचं, तिथल्या यादीतून त्याचं नाव निवडायचं आणि रिमूव्ह म्हणायचं. मग तो आपलं सगळं सामान गोळा करून जातो. फोल्डर नुसता उचलून टाकला तर त्याचं अर्धं सामान इकडेतिकडे राहून जातं. भाडेकरू जाताना खुंट्याही काढून नेतो की नाही, तेवढाच हा फरक.

तेवढ्यात रिकामा ट्रॅक्टर घेऊन बाळू काट्यावर परत आला आणि खिडकीतून आत डोकावला.

"ओ ताई, थांबा! काहाले काढून राह्यल्या? माहा नंबर आहे त्या गेमवर!"

"पहा," शेठ म्हणाले. "पहा, ताई. माह्या काट्यावर जत्रा भरवून ठेवली यानं."

"शेठजी," बाळू खिडकीची काच ठोकत म्हणाला, "मागच्या साली या काचीचं काय झालं होतं, ध्यानात आहे का?"

शेठनी काचेकडे पाहिलं. मागच्या हंगामात नंबरावरून मारामारी झाली होती. कोणीतरी मध्येच गाडी घुसवली, कोणीतरी दगड उचलला, आणि काच फुटली. पोलीस आले, त्या दिवशी कारखाना बंद राहिला. ती दुरुस्त केलेली काच अजून नवी दिसत होती.

"या साली झाली का मारामारी?" बाळूने विचारलं. "ज्याची गाडी रांगेत, त्याले गेमवर नंबर. खेळून झालं का त्यानं गाडी काट्यावर घ्याची. मधी घुसला त्याले गेम भेटत नाई. सारे त्याच्यावर हसतात. कोन घुसते मंग?"

"मी बी खेळलो," रोहिणखेडचे काका मागून म्हणाले. "दोन डाव मोटर नालीत घातली. तिसऱ्या डावाले नंबर आला."

"हे तू मले काऊन नाई सांगतलं?" शेठ गजाननला म्हणाले.

"तुम्ही इचारलंच नाई, शेठजी. तुम्ही म्हटलं, गेम काढ. मी काढले. हा एक ठेवला, नाईतं रांग मोडली असती."

मग मी मध्ये पडले. माझ्या मते दोन गोष्टी एकमेकींत गुंतल्या होत्या, त्या वेगळ्या करायला हव्या होत्या. काट्याच्या मशीनवर गेम नकोत, हे शेठचं बरोबर. पावतीचं मशीन पावतीसाठीच हवं. आणि रांगेला गेम हवा, हे गजाननचं बरोबर.

"दुसरं मशीन पाहिजे," मी म्हणाले.

"गेमासाठी मशीन इकत घेऊ?" शेठ कपाळाला हात लावून म्हणाले. "ताई, तुम्ही तरी."

मुनीमजींनी घसा साफ केला. "जुनं आहे ना."

"कोणतं जुनं?"

"नवीन घेतलं तवा या ताई म्हणल्या, जुनं फेका. मी नाई फेकलं. मागच्या शेडमध्ये आहे, पोत्याखाली. लिलावाले ठेवलं."

दोन हमालांनी ते उचलून आणलं. वर माती, आत कापूस. पंख्यात तर एवढा कापूस अडकला होता की मुनीमजींनी तो काढून आधी खिशात टाकला. मी मशीन उघडलं, पुसलं, एक वायर बदलली. सुरू व्हायला त्यानं बराच वेळ घेतला, पण झालं. गजाननने घरून सीड्या आणल्या आणि गेम त्या मशीनवर मी या वेळी त्याच्याकडूनच टाकून घेतले. काट्याशेजारी ड्रायव्हरांसाठी पत्र्याची पडवी होती. मशीन तिथे टेबलावर मांडलं. केबिनच्या खिडकीतून ते सरळ दिसत होतं, म्हणजे गजाननची नजर रांगेवर आणि गेमवर दोन्हींकडे राहणार होती.

शेठ पडवीत आले. मोटारींचा गेम उभ्या उभ्या पाहत राहिले. शेवटी बाळूला म्हणाले, "वळनावर ब्रेक मार ना बे." मग जायला निघाले आणि केबिनपाशी थांबले.

"गजानन, उद्या लवकर ये. पडवीत वायर नीट टाकून घे. लोकायच्या पायात येऊन राह्यली."

गजानन "हाव शेठजी" म्हणाला. मी माझी हत्यारं पिशवीत भरत होते. त्यानं माझ्याकडे पाहिलं आणि मीही पाहिलं. त्यापेक्षा जास्त आनंद दाखवायची वेळ नव्हती, काट्यावर पुढची गाडी चढली होती.

दिवाळीला तो कायम झाला. त्या हंगामात काच शाबूत राहिली.

फाल्गुनात मला मुनीमजींचा फोन आला. या, काम आहे. मला वाटलं मशीन बिघडलं. जाऊन पाहते तर मागच्या शेडसमोर लिलाव चालला होता. कवडी, फाटकी पोती, गंजलेले पत्रे. आणि शेजारी गजाननच्या गेमच्या सीड्यांचा ढीग. हंगाम संपला होता, गेम मशीनवर होते, सीड्यांचं काम उरलं नव्हतं. गजाननने त्या मुनीमजींकडे जमा करून टाकल्या होत्या.

"हे कोण घेईल?" मी विचारलं.

"घेतल्या की," मुनीमजी म्हणाले.

रोहिणखेडच्या काकांनी सगळ्या घेतल्या होत्या. उन्हाळी ज्वारीत दोरीला बांधायला. उन्हात त्या फिरतात, चमकतात आणि पाखरं बसत नाहीत. काका सीड्या गोणीत भरत होते आणि कुस्तीची कोणती, क्रिकेटची कोणती, हे बाळूकडून समजून घेत होते.

मुनीमजींनी खिशातून माझा कागद काढला. त्याला कापूस चिकटला होता.

"ताई, हे दुरुस्त करून द्या."

तो कागद डिस्कवरच्या गेमबद्दल होता, सीड्यांबद्दल नव्हता, असं मी सांगू शकले असते. सांगितलं नाही. 'शून्य' खोडलं, वर सही केली.

कुठल्याही मशीनला हात लावण्याआधी मी अजूनही कागदावर रकाने आखते. पूर्वी तीन होते. आता चौथाही असतो: टाकण्याआधी मुनीमजींना विचारलं का?