टोकदार बुडाचं मडकं

माझे चुलते अण्णाराव बोलायला कमी. ही गोष्ट त्यांनी मला एकदाच सांगितली, आणि सांगताना सगळा वेळ जमिनीकडे बघत होते.

बहात्तरचा दुष्काळ. रेणापूरपलीकडच्या आमच्या गावाला पाझर तलावाचं काम निघालं होतं. काका मॅट्रिक झालेले, म्हणून त्यांना हजेरी लिहायला घेतलं. चारशे माणूस कामावर. कुणब्यांच्या बायका, बौद्धवाड्यातल्या बायका, सगळ्या एकाच रांगेत पाट्या वाहायच्या आणि दुपारी लाल मिलोची, म्हणजे परदेशातून आलेल्या ज्वारीची, भाकर खायच्या. बांधाला माती लागायची ती गावाबाहेरच्या पांढरीतून काढत. पांढर म्हणजे जुनं, कधीच उजाड झालेलं गावठाण. तिथं फावडं मारलं की खापऱ्या, राख, शंखाच्या बांगड्यांचे तुकडे निघत. कुणी लक्ष देत नसे.

बौद्धवाड्यातली पंचफुला मात्र द्यायची. पंचविशीची बाई, नवरा ग्यानोबा बांधावर दगड रचायला. एके दिवशी तिच्या फावड्याला काहीतरी लागलं. तिनं फावडं बाजूला ठेवलं आणि हातानं माती उकरायला बसली. अर्ध्या तासानं एक मडकं उघडं पडलं. कमरेएवढं उंच, मान बारीक, दोन बाजूंना दोन लांब कान, आणि खाली बूड गाजरासारखं टोकदार. अख्खं.

तिनं काकांना हाक मारली. "अण्णारावदादा, हे बघा. चुलीवर बसंना, उतरंडीत बसंना. हे आपल्याकडच्या कुंभाराचं न्हाई."

काकांच्या डोक्यात दुसरंच चाललं होतं. दुपारी ओव्हरसियर मोजमापाला येणार होता आणि काम मागं पडलेलं. वर कुणी म्हणालं असतं, इथं जुनं काही निघालंय, खोदाई थांबवा, तर चारशे माणसांचं काय?

"फोड आन् टाक पाटीत," काका म्हणाले.

"म्या न्हाई फोडणार. कुणीतरी लांबून आणलेलं हाय ते."

"हाजरी कापीन बघ."

ती जागची उठली नाही. आजूबाजूच्या बायका बघत होत्या. काकांनी तिचंच फावडं उचललं आणि मडक्यावर घातलं. मग आणखी दोनदा. तुकडे बांधात गेले.

संध्याकाळी हजेरी झाल्यावर पंचफुला परत त्यांच्यापुढं आली. काकांना वाटलं, भांडायला आली. तिनं पदराची गाठ सोडून मातीची एक चकती त्यांच्या हातावर ठेवली. रुपयाएवढी. वर माणसाचं तोंड, नाक लांब, डोक्याला पानांची माळ, आणि कडेला ओवायचं भोक.

"मडक्याजवळच घावली. तुम्ही शिकलेले हाव, कुणाला तरी दाखवा," ती म्हणाली.

पुढच्या वर्षी औरंगाबादचे इतिहासाचे एक प्राध्यापक तेरची जुनी नगरी बघायला जाताना रेणापुरात थांबले. काकांनी त्यांना चकती दाखवली. प्राध्यापक ती उन्हात धरून बराच वेळ बघत राहिले. मग समजावून सांगू लागले. दोन हजार वर्षांपूर्वी पश्चिमेकडच्या समुद्रापलीकडून, मोसमी वाऱ्यावर, जहाजं भडोचला यायची. तिथून माल बैलांवर पैठणला आणि पैठणहून तेरला. इकडचं सुती कापड तिकडं जायचं, तिकडची सोन्याची नाणी इकडं यायची. त्या नाण्यांवरच्या परक्या राजाचं तोंड इथल्या लोकांना आवडलं. ज्यांना सोनं परवडत नव्हतं त्यांच्यासाठी इथल्याच कुंभारांनी ते मातीत उठवलं, गळ्यात घालायला.

"कुणाला सापडली ही?" त्यांनी विचारलं.

"मला," काका म्हणाले. पंचफुलाचं नाव घेतलं असतं तर कधी, कुठं, आणखी काय निघालं, हे सगळं आलं असतं.

तरी प्राध्यापकांनी विचारलंच. "सोबत एखादं उंच, दोन कानांचं, टोकदार बुडाचं मडकं नव्हतं ना? दारू त्यातून यायची. टोक जहाजात वाळूत रोवून ठेवत. आपल्याकडं बहुतेक तुकडेच मिळतात. अख्खं मिळालं तर फार मोठी गोष्ट होईल."

"न्हाई साहेब. काही नव्हतं."

ब्याऐंशीत लातूर जिल्हा झाला. लातुरात जिकडं तिकडं नव्या कचेऱ्यांच्या पाट्या लागत होत्या. नव्या जिल्ह्याचा जुना वारसा म्हणून एका शाळेत प्रदर्शन भरलं. काकांनी दिलेली ती चकती काचेच्या पेटीत, आणि खाली कार्ड: 'शोध: श्री. अण्णाराव'. काकांना शाल दिली, नारळ दिला. टाळ्या वाजल्या.

ते शाल अंगावर घेऊन दाराकडं निघाले तर पेटीपाशी पंचफुला उभी. ग्यानोबाला नव्या कचेरीत शिपायाची नोकरी लागली होती, त्यामुळं ती लातुरात राहायला आली होती.

"दादा, माझी चकती ना ही?" तिच्या चेहऱ्यावर हसू होतं. "खाली काय लिहिलंय? मला वाचता येत न्हाई."

काकांनी कार्डाकडं बघितलं. "लिहिलंय, दुष्काळी कामावरच्या एका बाईला सापडली."

"नाव न्हाई?"

"नाव न्हाई."

"असू द्या. बाई तर लिहिलं."

मागून हे ऐकत ग्यानोबा आला. तो सातवी शिकलेला. त्यानं वाकून कार्ड वाचलं, परत वाचलं. मग काकांकडं न बघता म्हणाला, "दादा, चष्मा बदला तुम्ही." आणि बायकोला घेऊन निघून गेला.

हे सांगताना काका मला म्हणाले, "त्यानं चार लोकांत माझी गचांडी धरली असती तर बरं झालं असतं."

आठ दिवस त्यांना जेवण गेलं नाही. नवव्या दिवशी ते लातुरात ग्यानोबाची खोली शोधत गेले आणि उंबऱ्याबाहेर उभं राहूनच सगळं सांगितलं. कार्डाचं, नावाचं. पंचफुला तांदूळ निवडत ऐकत होती.

"ते ह्यांनी सांगितलं मला," ती म्हणाली. "नावाचं ऱ्हाऊ द्या. मडकं फोडलं, ते सांगितलंत का त्या साहेबाला?"

"न्हाई."

"मग आधी ते सांगा. माझं नाव मी मेल्यावर जाईल तसंबी. ते मडकं तर कुठून कुठं आलं होतं."

काकांनी तिथंच बसून प्राध्यापकांना पत्र लिहिलं. महिन्यानं ते आले. रागावले नाहीत. नुसते म्हणाले, "मला तेव्हाच सांगायचं होतंत." प्राध्यापक, काका आणि पंचफुला, तिघं एस.टी.नं गावाला गेले. तलावात पाणी होतं, बांधावर दगडी अस्तर, गवत. आता काही उकरता येण्यासारखं नव्हतं. प्राध्यापकांनी बांधावर बसून वही काढली आणि पंचफुला सांगेल तसं मडकं काढू लागले. तिनं दोनदा त्यांना खोडायला लावलं. कान आणखी वर. मान अशी, जरा कलती. त्यांनी काकांना विचारलं, तुम्हाला काय आठवतं? काकांनी ते नीट बघितलंच नव्हतं.

पुढं कार्ड बदललं. त्यावर पंचफुलाचं नाव आलं आणि शेजारी ते चित्र लागलं. काका ते बघायला कधी गेले नाहीत.

त्या दिवशी तलावावरून परतताना गाडीत गर्दी होती. पंचफुलानं सरकून जागा केली, म्हणाली, "बसा की दादा." काका लातूर येईपर्यंत दांडा धरून उभे राहिले.